बदनाम राजा, एकटं मँडोलिन

इंग्लंडच्या गादीवर हेन्री नावाचे आठ राजे झाले, एडवर्डही क्रमांकाने आठ. जॉन मात्र एकच. १२१६ मध्ये तो गेला आणि त्या नावाचा राजा पुन्हा झाला नाही. फ्रान्समधली नॉर्मंडी घालवणारा, पुतण्याला मारल्याचा संशय असलेला, पोपशी भांडून शेवटी त्याचाच मांडलिक झालेला, सरदारांपुढे नमून मॅग्ना कार्टाला, म्हणजे राजाच्या अधिकारांना वेसण घालणाऱ्या सनदेला, शिक्का लावावा लागलेला, आणि रॉबिन हूडच्या गोष्टींतला ठरलेला दुष्ट. इतकी बदनामी एकाच्याच नावावर जमा झाली की कधीतरी कोणीतरी म्हणणारच, थांबा, कागद काय म्हणतात ते तरी बघू.

हे कागद बघणं आणि मँडोलिनवर साथीशिवाय एकट्याने वाजवायला शिकणं, या दोन उद्योगांचा एकमेकांशी संबंध नाही. पण दोन्ही शेजारीशेजारी चालू असले की एकच अडचण दोन्हीकडे भेटते. समोर एक ओळ असते, बखरीतली किंवा स्वरलिपीतली. त्या ओळीत आणखी आवाज दडलेले असतात. ते ऐकू यायला हवेत, आणि नसलेले मात्र आपल्या पदरचे घालायचे नाहीत. यातलं दुसरं पथ्य जास्त अवघड.

जॉनची प्रतिमा पक्की केली ती रॉजर ऑफ वेंडोव्हर या सेंट ऑल्बन्सच्या मठातल्या साधूने. त्याने बखर लिहायला घेतली ती राजा गेल्यावर. १२३६ मध्ये तो वारला आणि काम मॅथ्यू पॅरिसकडे आलं. त्याने आधीच्या मजकुराला आणखी तिखटमीठ लावलं. जॉनने मोरोक्कोच्या खलिफाकडे वकील धाडून मुसलमान व्हायची तयारी दाखवली, ही गोष्ट मॅथ्यूची. मुळात घाण असलेला नरक जॉनच्या जाण्याने आणखी घाण झाला, हा प्रसिद्ध शेराही त्याच्याच बखरीतला. यात मठवाल्यांचा रागही समजण्यासारखा आहे. कँटरबरीचा आर्चबिशप कोणी नेमायचा यावरून जॉन आणि पोप तिसरा इनोसंट यांचं वाजलं, १२०८ ते १२१४ इंग्लंडच्या चर्चमधले विधी बंद पडले, आणि त्या काळात राजाने चर्चच्या उत्पन्नावर हात मारला.

वेंडोव्हरची सगळ्यांत अंगावर येणारी कथा १२०९ ची आहे. नॉरविचचा आर्चडीकन, म्हणजे बिशपच्या हाताखालचा अधिकारी, जेफ्री खजिन्यात कामाला होता. धर्मबहिष्कृत राजाची चाकरी चर्चच्या माणसाने करणं बरं नव्हे, असं सोबत्यांना सांगून तो उठून गेला. राजाने त्याला पकडलं, बेड्या घातल्या, अंगावर शिशाचा जड झगा चढवला, आणि उपासमारीने व त्या ओझ्याने तो कोठडीत मेला. पिढ्यान्‌पिढ्या ही कथा पुस्तकांत उतरत राहिली. मग कोणीतरी साधी तपासणी केली. नॉरविचचा आर्चडीकन होता जेफ्री द बर्ग, आणि तो १२२५ मध्ये ईलीचा बिशप झाला. शिशाखाली चिरडलेला माणूस सोळा वर्षांनी बिशप होत नाही.

इथे हुरळून जाण्यात अर्थ नाही. नॉरविचच्या कोणा जेफ्रीचा उल्लेख इतर बखरींतही येतो, आणि तो दुसराच एखादा कारकून असू शकतो. म्हणजे वेंडोव्हरने माणूस चुकवला एवढं सिद्ध होतं. कोठडीत कोणी मेलंच नाही, हे सिद्ध होत नाही.

मराठी वाचकाला हा प्रकार ओळखीचा वाटेल. संभाजीराजांचं बेफिकीर, व्यसनी चित्र रुजलं ते बरंचसं मल्हार रामराव चिटणीसाच्या बखरीतून, आणि ती लिहिली गेली राजांच्या मृत्यूला शंभरावर वर्षं उलटल्यावर. वा. सी. बेंद्रे यांनी समकालीन कागद जमवून ते चित्र पालटलं. जॉनच्या बाबतीत कागद निघाले तेव्हा तशीच अपेक्षा होती. निकाल वेगळा लागला, आणि तो का लागला हेच या प्रकरणातलं खरं शिकण्यासारखं.

जॉनचं दप्तर दोन घरांचं. एक खजिन्याचं, म्हणजे एक्स्चेकरचं. तिथल्या पाइप रोलमध्ये २९ सप्टेंबरला संपणाऱ्या वर्षाचा परगणावार हिशेब असतो. कातड्याचे लांब पट्टे वरच्या टोकाला एकत्र शिवलेले. दुसरं घर राजाच्या चिटणिशीचं, चॅन्सरीचं. तिथे बाहेर गेलेल्या पत्रांच्या नकला ठेवायच्या आणि पट्टे एकाखाली एक शिवून एकच लांबलचक गुंडाळी करायची. चॅन्सरीच्या ज्या गुंडाळ्या आज हाती आहेत, त्यांची सुरुवात ११९९ पासून, म्हणजे जॉन गादीवर आला त्याच वर्षापासून होते. त्यामागे हात मानला जातो तो चॅन्सेलर ह्यूबर्ट वॉल्टरचा. मूळ गुंडाळ्या लंडनला क्यूच्या राष्ट्रीय दप्तरखान्यात आहेत. टॉमस डफस हार्डी यांनी चॅन्सरीच्या बऱ्याच गुंडाळ्या १८३० च्या दशकात छापल्या, तर पाइप रोल छापायला १८८३ मध्ये स्वतंत्र सोसायटीच निघाली. हार्डींच्या छपाईत लेखनिकाची संक्षेपचिन्हं जशीच्या तशी ठेवली आहेत. त्यामुळे लॅटिन येत असलं तरी पहिली काही पानं नुसती चिन्हं सोडवण्यात जातात.

वाचायला बसल्यावर पहिला खड्डा तारखेचा. जॉनचा राज्याभिषेक २७ मे ११९९ ला ॲसेन्शनच्या, म्हणजे येशूच्या स्वर्गारोहणाच्या सणादिवशी झाला आणि त्याचं राजवर्ष त्या सणापासून मोजतात. हा सण ईस्टरबरोबर हलतो. त्यामुळे जॉनचं प्रत्येक वर्ष वेगळ्या तारखेला सुरू होतं आणि कमीजास्त लांबीचं असतं. तिसरं राजवर्ष ३ मे १२०१ ते २२ मे १२०२. म्हणजे ३ ते २२ मे या तारखा त्या एकाच वर्षात दोनदा येतात. 'तिसऱ्या वर्षी १० मे' असं पत्र समोर आलं की ते कुठल्या मे महिन्यातलं, हे गुंडाळीतली त्याची जागा आणि आजूबाजूच्या पत्रांची गावं बघूनच ठरवायचं. एका वर्षाने चूक झाली की राजा नॉर्मंडीत असताना आपण त्याला इंग्लंडात बसवतो.

दुसरा खड्डा बेरजेचा. पाइप रोलमधली नोंद ठरलेल्या साच्यात असते: अमुक इसम शंभर मार्कांचा हिशेब देतो, खजिन्यात वीस भरले, ऐंशी देणं आहे. पुढच्या वर्षी तोच इसम ऐंशीचा हिशेब देतो, दहा भरतो, सत्तर देणं राहतं. फिटेपर्यंत हेच, आणि फिटलं की 'मोकळा झाला'. आता कोणी उत्साहाने दरवर्षीचे वरचे आकडे मिळवले, तर एकच देणं तीनचार वेळा मोजलं जातं आणि राजा फुकटच गब्बर दिसतो. जमा फक्त 'खजिन्यात' या शब्दापुढची. शिवाय मार्क नावाचं नाणं नव्हतंच, तो हिशेबापुरता आकडा: १३ शिलिंग ४ पेन्स, म्हणजे पौंडाचे दोन तृतीयांश. प्रत्यक्षात चांदीची पेनी मोजून द्यायची, एका मार्काला १६०.

तिसरा खड्डा नोंदीच्या अर्थाचा. १२०४ च्या नाताळाच्या सुमाराची एक नोंद सगळ्या अभ्यासकांची लाडकी आहे. राजाचा मुख्य वनाधिकारी ह्यू द नेव्हिल याची बायको, नवऱ्याबरोबर एक रात्र काढायला मिळावी म्हणून राजाला २०० कोंबड्या कबूल करते. खाली जामीनही लिहिलेत, शंभर कोंबड्यांना टॉमस द सँडफर्ड आणि उरलेल्या शंभरांना खुद्द नवरा. यावर एक तट म्हणतो, ही बाई राजाच्या जनानखान्यात अडकली होती. दुसरा म्हणतो, नवऱ्याला कामातून जरा सोडा, अशी सणासुदीची थट्टा आहे. जामिनांची नावं बघता मला थट्टाच जवळची वाटते, पण थट्टा झाली तरी ती राजाची, आणि राजाच्या थट्टेला ना हसणं सोपं ना न हसणं. नोंद एवढंच सांगते की कोंबड्या कबूल झाल्या.

विसाव्या शतकाच्या मध्याला या गुंडाळ्या भराभर छापून वाचल्या गेल्या आणि जॉनचा भाव वधारला. इतिहासकार डोरिस स्टेंटन यांना न्यायदानात रस घेणारा राजा दिसला. डब्ल्यू. एल. वॉरन यांचं १९६१ चं चरित्र त्याच वळणाचं. पत्रांवरून राजा सतत फिरताना दिसतो, एका मुक्कामी चार दिवससुद्धा क्वचित. बारीकसारीक दाव्यात लक्ष घालतो. १२०८ मध्ये रीडिंगच्या मठाकडून त्याला ग्रंथ मिळाल्याच्या पोचा आहेत, त्यात प्लिनीही आहे. गोष्टींतला आळशी जुलमी यात बसत नाही.

पण या वधारण्यात एक मेख होती. जॉनच्या आधी चॅन्सरीच्या अशा गुंडाळ्याच नाहीत. भाऊ रिचर्ड दिवसाला किती पत्रं पाठवत होता, बाप दुसरा हेन्री किती दाव्यांत डोकं घालत होता, हे याच बारकाईने आपल्याला दिसूच शकत नाही. ज्याचं दप्तर उरलं तो कामसू ठरला. आणि नकला नीट ठेवणं हा कारकुनाचा गुण. तो परस्पर धन्याच्या खात्यावर जमा करायचं कारण नाही. बखरीला लावलेली कसोटी दप्तराला लावलीच गेली नाही.

मँडोलिनवर हीच चूक हाताने करता येते, म्हणून तिकडे वळतो.

आपल्याकडे हे वाद्य लोकांना माहीत आहे ते सिनेसंगीतातून. लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतले लक्ष्मीकांत कुडाळकर मुळात मँडोलिनवादक, आणि सज्जाद हुसेन तर त्यावर राग वाजवत. पण पाश्चात्त्य पद्धतीचं एकट्याचं मँडोलिन, ज्यात सूर, खर्ज आणि ठेका सगळं त्याच आठ तारांतून काढायचं, ते ऐकणारेही आपल्याकडे कमी.

चार जोड्या, जी-डी-ए-ई, थेट व्हायोलिनच्या. जोडीतल्या दोन्ही तारा एकाच स्वरात. लावताना जोडीतली एक तार बोटाने दाबून बंद ठेवायची, दुसरी लावायची, मग पहिली तिच्याशी जुळवायची. नेहमी खालून वर चढवत आणायचं. वरून उतरवलेली तार खुंटीत ढिली राहते आणि पाच मिनिटांत घसरते. घोडी चिकटवलेली नसते, नुसती तारांच्या दाबाने उभी असते, म्हणून तारा एकेक करूनच बदलायच्या. सगळ्या एकदम काढल्या की घोडी सरकते. ती जागेवर आहे का हे बाराव्या पडद्यावर कळतं. तिथे तारेला नुसता स्पर्श करून निघणारा स्वर आणि दाबून निघणारा स्वर एक यायला हवा. दाबलेला चढा आला तर घोडी थोडी मागे, शेपटाकडे. उतरता आला तर पुढे. केसभरच हलवायची, आणि तारा थोड्या सैल करून.

डावा हात गिटारवाल्यांना फसवतो. गिटारवर एका बोटाला एक पडदा. मँडोलिनवर एका बोटाकडे दोन: तर्जनी पहिला-दुसरा, मधलं बोट तिसरा-चौथा, अनामिका पाचवा-सहावा, करंगळी सातवा. गिटारची सवय तशीच चालवली तर करंगळी चौथ्या-पाचव्यावरच संपते आणि हात नको तेव्हा पुढे सरकतो.

सुरुवातीला घ्यायला बाखच्या पहिल्या चेलो सुइटची (रचनांच्या माळेची) प्रेल्यूड, म्हणजे आरंभीची रचना, उत्तम. चेलोच्या तारा सी-जी-डी-ए, मँडोलिनच्या जी-डी-ए-ई, म्हणजे सगळं एक सप्तक आणि एक पंचम वर. तार ते तार तशीच ठेवली की मूळ जी मेजरचं डी मेजर होतं आणि मोकळ्या तारांच्या जागी मोकळ्याच तारा येतात. पहिल्या अर्ध्या मात्राखंडात आठ स्वर: मोकळी डी, मोकळी ए, ई तारेचा दुसरा पडदा, मोकळी ई, पुन्हा दुसरा पडदा, ए, दुसरा पडदा, ए. डाव्या हाताचं एकच बोट, एकाच पडद्यावर.

सोपं दिसतं. अवघड आहे उजवा हात. पिकचे, म्हणजे तार छेडायच्या चकतीचे, ठोके खाली-वर-खाली-वर असे अखंड ठेवायचे. पहिले तीन स्वर चढत्या तारांवर आहेत, त्यामुळे पिक एकाच खालच्या झोतात तिन्हींवरून ओढायचा मोह होतो. तसं केलं की ते तीन स्वर धावतात आणि पुढचे पाच त्यांची वाट बघत राहतात. अदलाबदलीने वाजवताना पिकला दर वेळी एक जोडी ओलांडून जावं लागतं, आणि त्या ओलांडण्यानेच लय बांधली जाते. मेट्रोनोम, म्हणजे ठरावीक गतीने ठोके देणारं यंत्र, मिनिटाला ६० वर, एका ठोक्याला दोन स्वर, इतक्या सावकाश आठवडाभर. जाड पिक घ्यावी, एक मिलिमीटर किंवा जास्त. पातळ पिक वाकते आणि परतीचा ठोका उशिरा पडतो.

आता दडलेला आवाज. पहिल्या चारही मात्राखंडांत तळाचा स्वर बदलत नाही. वरचे स्वर हलतात, खाली डी तोच. कागदावर तो प्रत्येक वेळी सोळाव्या हिश्श्याचा एक ठिपका आहे, बाकीच्यांसारखाच. चेलोवर लाकडी पेटी त्याला धरून ठेवते. मँडोलिनवर तो लगेच विरतो. तो सतत चालू आहे असं ऐकणाऱ्याला वाटलं पाहिजे. त्यासाठी दोनच गोष्टी करायच्या: त्या ठोक्याला पिक किंचित खोल, आणि डाव्या हाताचा कुठलाही भाग डी जोडीला लागू द्यायचा नाही. बहुतेकांचं इथेच बिघडतं. तर्जनी आडवी पडते, तिचं पेर डीला चाटतं आणि खर्ज मरतो. मग कमी पडलेलं भरून काढायला वरच्या स्वरांना ट्रेमोलो लावायचा, म्हणजे एकच स्वर भराभर छेडत राहायचं, किंवा सुरुवातीला अख्खा कॉर्ड, म्हणजे अनेक स्वर एकदम, झाडायचा. श्रोत्याला भरगच्च वाटतं, आणि बाखने एका ओळीत जे दोन आवाज ठेवले होते त्यांचा गोंगाट होतो. खर्ज तिथे होताच. बोट उचलायचं होतं.

या सुइटची बाखच्या हातची प्रत उरलेली नाही. पत्नी ॲना माग्दालेना हिच्या हातची नक्कल आणि इतर काही नकला आहेत, आणि स्वर कुठून कुठे जोडायचे याच्या कमानी त्यांत जुळत नाहीत. कोणतीही छापील आवृत्ती घ्या, कमानी कोणीतरी ठरवलेल्या असतात. पिकला कमानी नसतातच, त्यामुळे मँडोलिनवाल्याची या भांडणातून अर्धी सुटका होते.

जॉनकडे परत. दडलेला आवाज ऐकायचा पण घालायचा नाही, याची कसोटी आर्थरपाशी लागते. ब्रिटनीचा आर्थर, थोरल्या भावाचा मुलगा आणि गादीचा प्रतिस्पर्धी. १ ऑगस्ट १२०२ ला फ्रान्समधल्या मिराबोला पकडला गेला, पुढच्या वर्षी नॉर्मंडीतल्या रूअँला दिसेनासा झाला. वेल्समधल्या मार्गमच्या मठाची बखर म्हणते, ईस्टरच्या आधीच्या गुरुवारी जेवणानंतर दारूच्या नशेत जॉनने स्वतःच्या हाताने त्याला मारलं आणि प्रेताला दगड बांधून सीन नदीत टाकलं. तो गुरुवार ३ एप्रिल १२०३. त्याच महिन्यात जॉनने आई एलेनॉर हिला धाडलेलं पत्र गुंडाळीत आहे: देवाची कृपा आमच्यावर, हा निरोप्या सांगू शकेल त्याहून अधिक आहे. काहींना यात खुनाची कबुली ऐकू येते. तारखा जुळतात, मार्गमच्या मठाला आश्रय देणारं ब्रिओझ घराणं तेव्हा राजाच्या अगदी जवळचं होतं, म्हणून बातमीला वाटही आहे. पण पत्रात आर्थरचं नाव नाही. बखरीवर विश्वास ठेवावा, मीही ठेवतो. पत्राला मात्र त्या खुनाचा साक्षीदार करू नये.

आणि जिथे काहीच घालावं लागत नाही, तिथे जॉन खरोखर वाईट दिसतो. सरदाराच्या वारसाने जहागीर हाती घेताना राजाला द्यायचा नजराणा रिवाजाने १०० पौंड. १२०५ मध्ये निकोलस द स्टटव्हिलकडे मागितले १०,००० मार्क. म्हणजे सोळा लाख पेनी. एवढे कोणी भरत नाही, आणि भरावे असा हेतूही नव्हता. देणं अंगावर राहिलं की माणूस मुठीत राहतो, तारण म्हणून नेअर्सबरो आणि बरोब्रिज ही ठाणीही राजाकडे राहिली. १२०७ चा तेराव्या हिश्श्याचा कर ५७,००० पौंडांवर गेला. लष्करी चाकरीऐवजी घेतली जाणारी ढालपट्टी, स्क्यूटेज, जॉनने ११ वेळा बसवली, आणि १२१४ ला तिचा दर एका नाइटच्या जहागिरीमागे ३ मार्क. बचाव असा की त्या काळात धान्याचे, गुरांचे, शिपायांच्या पगाराचे भाव चढले होते आणि नॉर्मंडी परत घ्यायला पैसा लागत होता. बचाव खरा आहे. पण भाववाढीने नजराणा १०० पौंडांचा साडेसहा हजारांवर जात नाही. मॅग्ना कार्टाच्या दुसऱ्या कलमात तो आकडा परत १०० वर आणून ठेवलाय, तो काही तत्त्वज्ञानातून आलेला नाही.

ब्रिओझ घराण्याचं प्रकरण तर दोन्ही बाजूंनी लिहिलेलं आहे. विल्यम द ब्रिओझ राजाच्या मर्जीतून उतरला, फ्रान्सला पळाला. बायको मॅटिल्डा आणि थोरला मुलगा राजाच्या कैदेत १२१० मध्ये उपाशी मेले. जॉनने आपली बाजू मांडणारं पत्र काढलं, ते आजही आहे. त्यात किती देणं थकलं, कधी मुदत दिली, वसुली राज्याच्या रिवाजाने आणि खजिन्याच्या कायद्याने कशी चालली, सगळं रीतसर. दुसरीकडे बेत्यूनच्या सरदाराच्या पदरी असलेला एक निनावी लेखक. हा सरदार जॉनच्या बाजूने लढलेला, त्यामुळे लेखकाला मठाचा राग असण्याचं कारण नाही. तो लिहितो, अकराव्या दिवशी दार उघडलं तेव्हा आई मुलाला टेकून मेलेली होती आणि तिने भुकेने त्याचे गाल कुरतडले होते. पत्रातले आकडे खोटे म्हणायची गरज नाही. ती वसुली अशीच झाली.

वेंडोव्हर रद्द झाला तरी जॉन सुटत नाही, तो यामुळे. बार्नवेलची म्हणून ओळखली जाणारी समकालीन बखर त्याला मोठा पण दुर्दैवी राजा म्हणते. त्यातलं 'मोठा' वॉरनच्या पिढीने उचललं, आणि जॉन गिलिंगहॅम यांच्यासारख्यांनी नंतर ते पुन्हा खाली ठेवलं. मला गिलिंगहॅम यांचं पटतं.

मँडोलिनवर दोन बाजू एकाच वेळी ऐकवायची रीत नेपल्सच्या राफाएले कालाचे (१८६३–१९३४) यांच्या एकट्या मँडोलिनसाठीच्या प्रेल्यूडमध्ये आहे: वरच्या जोडीवर ट्रेमोलोने सूर, आणि त्याच पिकने खालच्या जोड्यांवर साथ. शिकायचं मोकळ्या तारांवरच. मेट्रोनोम ५०, एका ठोक्याला सहा फटके, सगळे ए जोडीवर. मग दर ठोक्याचा फक्त पहिला, खालचा फटका डी जोडीवरून सुरू करून एवर आणायचा. उरलेले पाच फक्त एवर. डीचा स्वर सहाव्या हिश्श्याच्या जागेत बसला पाहिजे, जास्तीचा फटका म्हणून नाही. बिघडतं ते दोन ठिकाणी. झोतानंतर पिक थबकते आणि सुरात भोक पडतं, तेव्हा झोत लहान करायचा, पिकचं टोक तारेखाली दीडेक मिलिमीटरच. किंवा परतीचा फटका डीला लागतो आणि साथ दुप्पट ऐकू येते, तेव्हा मनगट आत न वळवता किंचित बाहेर वळवायचं. कोपरापर्यंत ताण आला की थांबायचं, कारण ताणलेल्या हाताचे सहा फटके सात होतात आणि ते आपल्याला कळत नाही. मोबाइलवर रेकॉर्ड करून मोजले तर कळतं. ५० वर दोन मिनिटं न अडखळता झालं की ५४. डावा हात ७२ च्या आधी आणायचा नाही.